मुकं घुमट

व्हाळवाडा, लाटंबार्से
६ जानेवारी १९८४

चि. कृष्णनाथ यास चंद्रावतीचे अनेक आशीर्वाद.

आपल्या घरचं घुमट यंदाच्या मार्गशीर्ष अवसेला घुमलं नाही. मला आधी वाटलं माझेच कान गेले. पण गोकुळदासनं स्वतः कान लावून पाहिलं आणि सगळ्यांसमोर सांगितलं, "हें मुकें." घराघरांची घुमटं जिच्या कोनाड्यांत आहेत त्या भिंतीची राखण त्याच्या घराण्याकडे, तेव्हा त्याच्या शब्दापुढे बोलायचं काही उरत नाही.

दिवेलागणीला नेहमीसारख्या पणत्या कोनाड्यांतल्या घुमटांमागं सरकवल्या. मडक्यांच्या तोंडावरची घोरपडीची कातडी तापत गेली, मधाच्या रंगाची झाली. आधी खालच्या घराचं लहान घुमट बोललं, मग व्हाळाकडच्यांचं, मग आमच्या सासरचं. एकात एक आवाज मिसळत गेला आणि त्याबरोबर उजेड हलायला लागला, पाण्यावर हलतो तसा. समोर उभ्या माणसांची तोंडंही त्यात हलत होती. फक्त आपल्या कोनाड्यातला उजेड थिजून बसला होता. बाबा म्हणायचे, ही भिंत कुणी बांधली ते ठाऊक नाही, ती कुणी वाजवत नाही, उजेडच तिला वाजवतो. मग या एकालाच उजेड का पुरला नाही?

कातडं फाटलेलं नाही. मागचं तोंड मोकळं आहे, मी स्वतः काडी घालून पाहिलं. तेव्हा राहतं तेल. माझं लग्न याच वाड्यात झालं म्हणून माहेरची वात मी लावते. लेकीच्या हातची वात भिंत चालवून घेते, पण तेल भावाच्या घरचं लागतं. तू पाठवलेली बाटली तुझ्याच माडाच्या तेलाची होती की रेशनवरचं पामतेल भरलंस? रागावू नको, विचारते आहे.

रीत तुला सांगायला नको. एक अवस मुकी गेली तर वेळ वाईट म्हणायची. लागोपाठ दुसरी गेली की घुमट उतरवून व्हाळाच्या पाण्यात सोडतात, कोनाडा चिऱ्यानं बुजवतात आणि ते घर संपलं असं धरतात. डोंगराकडच्या वयल्या घराचं तसं झालं तेव्हा आपण दोघं तिथं होतो. त्यांची म्हातारी त्यानंतर या वाटेनं कधी आली नाही.

पुढच्या वर्षीच्या अवसेला तू स्वतः ये. माझ्यानं आता होत नाही. निम्मी घरं डिचोलीला नाहीतर म्हापशाला गेली, त्यांच्याही वाती वळायचं माझ्याच गळ्यात. खाणीच्या डंपरांची धूळ इतकी की वात वळायला बसले तर कापूस लाल होतो.

विमलाला आशीर्वाद.

तुझी
चंद्रावती

* * *

धारगळ
११ फेब्रुवारी १९८४

ती. आक्कास कृष्णनाथचा शि. सा. न.

पत्र पोचलं. तेल आमच्या माडाचंच होतं. पामतेलावर बाबांचं घुमट ओवाळून टाकावं इतका मी अजून वाईट झालेलो नाही.

येण्याचं म्हणतेस, पण चहा-भज्यांचा गाडा सोडून कुठं जाऊ? हमरस्त्यावर गाडा एक दिवस बंद दिसला की गिऱ्हाईक शेजारच्याकडे जातं आणि तिथंच रमतं. सकाळी पदेर पाव टाकून जातो तिथपासून शेवटची म्हापशाची बस जाईपर्यंत उभाच असतो. खाणीतली नोकरी सोडली तेव्हा वाटलं होतं, आता जरा बसायला मिळेल. बसायला कदेल आहे, वेळ नाही.

आणि आक्का, ऐकू आलं नाही म्हणजे वाजलंच नाही, असं कुठं असतं? गोकुळदासचं वय काय? त्याच्या कानात खाणीची धूळ गेली नसेल कशावरून? वाईट वाटून घेऊ नको. जुन्या गोष्टी दमतात, तशी आपणही दमतो. पुढच्या अवसेला तेल पाठवीन, जास्त पाठवीन.

विमला बरी आहे. भिंत बघायची तिला हौस आहे. लग्न झाल्यापासून नेतो नेतो म्हणतो आहे.

तुझा
कृष्णनाथ

* * *

व्हाळवाडा
२० एप्रिल १९८४

चि. कृष्णनाथ यास आशीर्वाद.

लिहायचं नाही असं ठरवलं होतं. पण मनात ठेवून झोप येत नाही.

माझ्या दिराचा गुरुदास गेल्या शुक्रवारी म्हापशाच्या बाजारात होता. केळीवाल्यांच्या रांगेत तू दिसलास. त्यानं हाक मारली, "किश्नामामा!" तू वळला नाहीस. तो मागून आला, पुन्हा हाक मारली. बाजूची केळीवाली हसून म्हणाली, "तुजो मामा व्हड मनीस जालो रे!" अशी मोठेपणाची थट्टा होऊनही तू पाव हातात घेऊन सरळ चालत गेलास. मी खोदून विचारलं तेव्हा पोरगा बोलला.

आमच्या अंगाला धूळ आहे म्हणून ओळख द्यायची नाही, असं आहे का? तसं असेल तर स्पष्ट लिही, म्हणजे मी गोकुळदासला सांगते, पुढच्या अवसेची वाटही बघू नको, आताच उतरव. गाडा सोडता येत नाही म्हणालास, ते मी समजून घेतलं. पण बाजारात वळून बघायला काय गाडा आडवा येतो?

विमलाला एकदा भिंतीपुढं आणून उभी केली असतीस, तर आज तिलाच वात लावता आली असती. सुनेला नवऱ्यानं एकदा तिथं उभं करायचं असतं, एवढंच तर होतं. त्यालाही तुला इतकी वर्षं सवड झाली नाही.

गोकुळदास म्हणतो, कातडं जपा, आता घोरपड मारायला बंदी आहे, दुसरं मिळायचं नाही. मी जपते आहे. कुणासाठी, ते तू सांग.

चंद्रावती

* * *

धारगळ
८ जुलै १९८४

ती. आक्कांस विमलाचा शि. सा. न.

हे पत्र मी लिहिलं असं यांना कळू देऊ नका. तुमचं एप्रिलचं पत्र यांनी वाचलं आणि जनेलाच्या गजांच्या फटीत खोचून ठेवलं. दोन दिवस जेवले नाहीत. उत्तर लिहितो म्हणाले, पण लिहिणार नाहीत, म्हणून मी लिहिते.

गुरुदासनं हाक मारली ती यांना ऐकू आली नाही. यांना ऐकूच येत नाही, आक्का. खाणीत भोकं पाडायच्या मशीनवर इतकी वर्षं होते, त्यानं कान गेले. आधी डावा, मग उजवाही. नोकरी सोडली ती त्यापायी. गाडा चालतो कारण गिऱ्हाईक समोर उभं असतं आणि हे तोंडाकडे बघून ओळखतात. चहा आणि भजी या दोनच गोष्टी लोक मागतात, त्यात चुकायला फारसं काही नसतं. एकदा एकानं पेडण्याची वाट विचारली तर यांनी त्याला भजी बांधून दिली. त्या माणसानंही निमूट पैसे दिले. आम्ही घरी खूप हसलो, मग हे उठून मागच्या दारी गेले.

डॉक्टरकडे नेलं होतं. त्यांनी जे सांगितलं ते लिहिण्यासारखं नाही.

हे भिंतीकडे का येत नाहीत, ते एकदाच बोलले. म्हणाले, "सगळे कान देऊन उभे असतील, सगळ्यांच्या तोंडावर ते दिसेल, आणि मी मधे खांब. बाबांचं घुमट वाजतं आहे की नाही हेही दुसऱ्याला विचारावं लागेल."

तेल आमच्याच माडाचं होतं, मी स्वतः काढलं होतं. माडाला दोष देऊ नका, त्यालाही ऐकू येत नाही.

तुम्ही दमलात, ते पत्रातून कळतं. इथंही तसंच आहे.

तुमची
विमला

* * *

व्हाळवाडा
२४ सप्टेंबर १९८४

चि. कृष्णनाथ यास अनेक आशीर्वाद.

चवथ झाली. गणपतीवरच्या माटोळीला बांधायला रानातली फळं कमीच मिळाली, डोंगराचं खाणीकडचं अंग आता उघडं पडलं आहे. पण गणपती बसला, गेला, सगळं नीट झालं. गुरुदास तुझी आठवण काढत होता. बाजारातलं त्याच्या मनात काही नाही. गर्दीत कुणाला काय ऐकू येतं, असं मीच त्याला समजावलं.

मागच्या पत्रात मी फार लिहिलं. उन्हाळा होता, जीव चिडचिडा झाला होता.

आता कामाचं लिहिते. माझे हात कापायला लागले आहेत. सुई ओवता येत नाही, पेला धरला तर पाणी सांडतं. कोनाड्यात हात घालून पणती घुमटामागं बसवायची तर नेमका हात लागतो. मी घातला तर एखाद्या दिवशी कातडंच जाळीन. म्हणून तुझा हात हवा आहे. बाकी काही करावं लागणार नाही. येशील, पणती बसवशील, परत जाशील.

आणखी एक. बाबा कधी कान लावत नसत, आठवतं? ते कातड्यावर तळवा ठेवून उभे राहत. कातडं किती तापलं, घुमट बोलायला आलं की नाही, ते त्यांना हातालाच कळायचं. गोकुळदासच्या बापानं एकदा विचारलं होतं, "आयकूंक येता मरे?" तर बाबा म्हणाले होते, "कान कित्याक? हात आसा." तूही तसंच कर.

अवस बावीस डिसेंबरला आहे. दुपारच्या बसनं आलास तरी पोचशील. अस्नोड्याला गुरुदासला उभा करते, मोटारसायकल घेऊन. तो समोर येऊन उभा राहील, शोधत बसू नको.

विमलाला आशीर्वाद. पोरगी गुणाची आहे.

तुझी
आक्का

* * *

धारगळ
३० नोव्हेंबर १९८४

ती. आक्कास शि. सा. न.

विमलानं तुला लिहिलं.

नाही म्हणू नको. एप्रिलमध्ये तू मला व्हाळात सोडायला निघाली होतीस आणि सप्टेंबरात एकदम विमला गुणाची झाली. शिवाय गुरुदास "समोर येऊन उभा राहील" असं कुणी कुणाला कधी लिहितं का? मी तिला विचारलं. ती खोटं बोलत नाही. बोललीच तर मान खाली जाते, आणि मान खाली गेली की मला तिचे ओठ दिसत नाहीत. त्यातूनच कळतं.

असो. कळलं ते बरं झालं. लपवून ठेवायलाही रोज कष्ट पडतात. गिऱ्हाईक गेल्यावर जबडा दुखतो, इतका मी दिवसभर हसरा चेहरा करून बसतो.

बाबा तळवा लावत, हे मला आठवत नाही. मला ते खांद्यावर पंचा टाकून सगळ्यांच्या मागं उभे असलेलेच आठवतात. पण तू मोठी, तुला जास्त आठवत असेल. किंवा तू हे माझ्यासाठी केलंस. दोन्हींपैकी काय ते सांगू नको.

येतो. कुणाला काही सांगू नको. घुमट दुसऱ्यांदा मुकं गेलं तर गोकुळदास ते माझ्यासमोर उतरवील, ते मला बघावं लागेल. तू एकटीनं बघावंस आणि मी इथं भजी तळत राहावं, हे आता बरं दिसणार नाही. विमलाला या खेपेला आणत नाही. गाडा तिच्यावर सोडून येतो, आणि खरं सांगायचं तर घर संपताना दाखवायला म्हणून तिला पहिल्यांदा आणणं जिवावर येतं.

कृष्णनाथ

* * *

धारगळ
२६ डिसेंबर १९८४

ती. आक्कास शि. सा. न.

सुखरूप पोचलो. गुरुदासनं अस्नोड्याला बसमध्ये बसवून दिलं, कंडक्टरच्या कानाला लागून काहीतरी सांगितलं. मग तो माणूस धारगळपर्यंत दर थांब्यावर माझ्याकडे बघून मान हलवत होता, नाही, नाही, अजून नाही. मला हसू येत होतं.

तिथं मी काही बोललो नाही, तुला वाटलं असेल रागावलो. तसं नव्हतं. आता लिहितो.

पणती बसवली आणि तुझ्या म्हणण्याप्रमाणे तळवा लावला. आधी कातडं गार होतं, जनावराच्या पाठीसारखं. मग ऊब आली. इतर कोनाडे एकेक करून पिवळे होत गेले. बाकीच्यांची घुमटं बोलायला लागली असावीत, कारण तुम्हा सगळ्यांच्या तोंडावरचा उजेड हलत होता. माझ्या हाताखाली काहीच नव्हतं. वाटलं, गेलं. गोकुळदास पुढं आला होता, त्याच्या हातात दोरी होती. ती मी बघितली.

तेवढ्यात तळव्याला लागलं. काय म्हणू? लहानपणी मांजर पोटावर झोपायचं, तसं. आधी बोटांच्या टोकांना, मग मनगटात, मग कोपरापर्यंत. बोटांमधून लाल उजेड येत होता आणि तोही त्याच चालीनं थरथरत होता. आक्का, कान गेल्यापासून जग मला काचेमागं आहे. त्या घटकेला काच नव्हती. एवढंच लिहिता येतं.

मी मागं बघितलं तर सगळे स्तब्ध उभे होते. गोकुळदासनं दोरी खाली ठेवली होती. म्हणजे तुम्हा सर्वांना ऐकू आलं. मला एकच हवं आहे, ते तू लिही. आवाज कसा होता? बाबांच्या वेळचाच का? खर्जातला, की चिरका? मी विमलाला सांगितलं, आक्का लिहील, मग तुला वाचून दाखवतो. ती रोज पोस्टमनची वाट बघते.

कृष्णनाथ

* * *

व्हाळवाडा
१४ जानेवारी १९८५

चि. कृष्णनाथ यास व सौ. विमलास अनेक आशीर्वाद.

आज संक्रांत. तिळगूळ गुरुदासकडे देते, तो शुक्रवारी बाजाराला जाईल तेव्हा धारगळच्या बसमध्ये कुणाकडे तरी देईल. पोचला तर खा.

तुझ्या पत्राला उत्तर द्यायला वेळ लागला. दोनदा लिहून फाडलं. दोन्ही वेळा छान लिहिलं होतं. खर्जातला होता, बाबांच्या वेळचाच होता, असं सगळं. मग वाटलं, गेलं वर्षभर आपण एकमेकांपासून लपवतच आलो आणि त्यातच जास्त दमलो.

कृष्णनाथ, कानाला काही आलं नाही. मला नाही, गुरुदासला नाही, कुणालाच नाही. लोक स्तब्ध होते ते वाट बघत होते. गोकुळदासनं दोरी आणली होती, ती उतरवण्यासाठीच. त्यानं घुमटाला कान लावला, तुला कदाचित दिसलं नसेल, तेवढा वेळ तू डोळे मिटले होतेस. कान काढून तो "मुकें" म्हणायला वळला, आणि त्यानं तुझं तोंड बघितलं.

मग त्यानं दोरी ठेवली आणि तुझ्या हाताशेजारी आपला हात लावला. बराच वेळ. खालच्या घरचा मधू मागून कंटाळून म्हणाला, "कितें रे, भटाचें लग्न लागता काय थंय?" कुणी हसलं नाही. गोकुळदास हात न काढता मला म्हणाला, "घुमता गो बाय. ल्हव घुमता, बारीक घुमता, पूण घुमता." नंतर व्हाळाकडच्या वाटेवर मी त्याला धरलं. म्हटलं, माझ्या भावावर दया केलीस ना? तर चिडला. म्हणाला, "भिंतीपुढं मी कुणावर दया करत नाही. वयल्या घराची म्हातारी माझी सख्खी आत्या. तिचं घुमट मी याच हातानं उतरवलं." हे खरं आहे, ते मला ठाऊक आहे.

तू निघून गेल्यावर मीही हात लावला होता. पणती अजून जळत होती. थरथर होती. पण माझे हात कापतात, हे मी तुला लिहिलंच आहे. ती घुमटाची होती की माझी, मला सांगता येत नाही. खूप वेळ उभी राहिले. नाहीच सांगता आलं.

तेव्हा कळलेलं असं आहे. तुझा हात हो म्हणतो, गोकुळदासचा हो म्हणतो, कान नाही म्हणतात, आणि माझा हात साक्षीला चालत नाही. गोकुळदासनं वाड्यात सांगितलं आहे की यंदा उतरवायचं नाही. मुकं धरायचं की नाही ते पुढच्या अवसेला बघू. मधूला ते पटलेलं नाही. तो म्हणतो, रीत कानाची आहे, हाताची कुणी ऐकली नाही. मी त्याला सांगितलं, आमचे बाबा हातच लावत. ते खरं की नाही, ते सांगू नको म्हणालास, म्हणून तुला सांगत नाही.

पावसाळ्यानंतर मी कातडं पुसून ठेवीन. तेल भाद्रपदातच पाठव, नवं नको, मुरलेलं. पुढची अवस वर्ष उलटल्यावर जानेवारीत येते. गाडा एक दिवस बंद ठेव. गिऱ्हाईक रमलं तर रमू दे. या खेपेला विमलाला घेऊन ये. आधी तिला भिंतीपुढं उभी कर, मग पणती तिच्या हातात दे. ती आपल्या घरची आहे, तिला ऐकू येतं, तिचा हात स्थिर आहे आणि तिला खोटं बोलता येत नाही.

ती सांगेल तेच गोकुळदास धरणार आहे. मीही.

तुझी
आक्का